शहर कुणी आखले, कुणासाठी?



आजचे बोलणे शहराविषयी आहे. पण सुरुवात आपण गावापासूनच करू या. आपले जुने गाव डोळ्यांसमोर आणा. उंचवट्यावर पाटलाचा वाडा. त्याला दगडी जोते, भक्कम दिंडी दरवाजा. जवळच चावडी आणि देऊळ. मग सुतार, लोहार, कुंभार यांच्या आळ्या. आणि वेशीच्या बाहेर, बहुधा ओढ्याच्या खालच्या अंगाला, गावाची सगळ्यांत कष्टाची कामे करणाऱ्या माणसांची वस्ती. हे असे का, म्हणून कुणी सहसा विचारीत नसे. विचारलेच तर उत्तर ठरलेले, "पहिल्यापासून असंच आहे." पण जरा थांबून पाहिले तर ध्यानात येईल, की गावात शब्द कुणाचा चाले, पाण्यावर पहिला हक्क कुणाचा आणि दाराबाहेर कुणी उभे राहायचे, हे सारे त्या मांडणीतच लिहिलेले होते. ते वाचायला अक्षरओळख लागत नव्हती. चालणाऱ्याचे पायच ते वाचीत होते.

शहराचेही तसेच आहे. फरक एवढाच, की गाव पिढ्यान्‌पिढ्यांच्या वहिवाटीने बसले, आणि शहराचा पुष्कळसा भाग कुणीतरी टेबलापाशी बसून, कागदावर रेघा मारून ठरवला. रेघ कुणी मारली आणि तिच्या कोणत्या बाजूला कोण पडले, एवढे विचारले की त्या शहरात सत्ता कुणाकडे होती ते उमगते.

उदाहरणाला आपण मुंबईच घेऊ. तुमच्यापैकी पुष्कळांच्या घरचे कुणी ना कुणी मुंबईला गेलेले असेल. कुणाचे आजोबा गिरणीत, कुणाची आत्या लालबागला दिलेली. तेव्हा ही वाट अगदीच परकी नाही.

मुंबईच्या जुन्या भागात हुतात्मा चौक आहे. तिथे मधोमध एक दगडी कारंजे आहे आणि शेजारी हातात मशाल धरलेल्या शेतकऱ्याचा व कामगाराचा पुतळा आहे. या एका चौकाने आजवर तीन रूपे पाहिली. ती तीन रूपे पाहिली की मुंबईचा बराचसा इतिहास कळतो.

पहिले रूप दरवाजाचे. इंग्रजांच्या कंपनीला मुंबई बेट १६६८ साली मिळाले, वर्षाला दहा पौंड खंडाने. पुढे अठराव्या शतकाच्या आरंभी, गव्हर्नर बून याच्या कारकीर्दीत, कंपनीने आपल्या वस्तीभोवती तट बांधला. मुंबईकर आजही त्या भागाला 'फोर्ट' म्हणतात, ते याच कोटावरून. तटाला तीन दरवाजे होते : अपोलो गेट, बाजार गेट आणि चर्च गेट. आज जिथे कारंजे आहे, तिथे हे चर्च गेट उभे होते. दरवाजा गेला, पण नाव टिकले. ते रेल्वेच्या स्टेशनाला चिकटले.

तटाच्या आत इंग्रजही राहत आणि पारशी, गुजराती वगैरे हिंदी व्यापारीही राहत. पण कसे? चर्च गेटपासून देवळाकडे, म्हणजे साहेबांच्या चर्चकडे, जाणारा रस्ता हीच एक सीमा झाली होती. रस्त्याच्या दक्षिणेला बहुतेक गोरे, उत्तरेला हिंदी व्यापारी. दक्षिणेला घरे ऐसपैस, उत्तरेला दाटी. मध्ये भिंत नव्हती. रस्ताच भिंतीचे काम करी.

१७३९ साली चिमाजी आप्पांनी पोर्तुगीजांकडून वसई घेतली, तेव्हा मुंबईकर इंग्रजांना धडकी भरली. तटाभोवती खंदक खणायचे ठरले. खर्चासाठी तिथल्या व्यापाऱ्यांनी तीस हजार रुपये वर्गणी दिली. खंदकापलीकडची नारळाची झाडे तोडली, घरे हटवली आणि मोकळे मैदान केले. हे मैदान मुलांना खेळायला किंवा गुरांना चरायला केलेले नव्हते. शत्रू चालून आला तर तोफेचा मारा अडू नये, त्याला आडोसा मिळू नये, म्हणून केले होते. हे मैदान लक्षात ठेवा. शेवटी आपण पुन्हा तिथेच येणार आहोत.

१८०३ साली कोटात मोठी आग लागली. हिंदी व्यापाऱ्यांच्या दाट भागाची फार हानी झाली. त्यानंतर सरकारने मैदान आणखी मोकळे केले आणि हिंदी लोकांनी मैदानापलीकडे वस्ती करावी असे धोरण धरले. काळबादेवी, भुलेश्वर, मांडवी, गिरगाव हे भाग भरत गेले. आता मुंबई एकाची दोन झाली. एका बाजूला कोट, दुसऱ्या बाजूला लोकांचे गाव आणि मध्ये ते रिकामे मैदान. आपल्या गावाच्या वेशीची आठवण होते की नाही?

आता चौकाचे दुसरे रूप, कारंजाचे. १८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि विलायतेच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना. मग खानदेश-वऱ्हाड-गुजरातच्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि मुंबईत पैशाचा पूर लोटला. १८६२ साली बार्टल फ्रीअर हे गव्हर्नर झाले. समुद्रावर इंग्रजांचीच सत्ता, मराठ्यांचे राज्य १८१८ सालीच गेलेले. आता तट कशाला, असा विचार करून त्यांनी तट पाडायला काढला. चर्च गेटच्या जागी १८६४ साली कारंजे आले. त्यावर फ्लोरा नावाच्या रोमन लोकांच्या फुलांच्या देवीची मूर्ती बसवली. लोक त्याला फ्लोरा फाउंटन म्हणू लागले.

तट पडल्याने मोकळ्या झालेल्या जागेवर एकाशेजारी एक अशा टोलेजंग इमारती उभ्या राहिल्या. १८७४ साली सचिवालय पुरे झाले, १८७८ साली हायकोर्ट. त्यांच्या मधोमध विद्यापीठ आणि त्याचा राजाबाई मनोरा, तोही १८७८ सालचा. मनोऱ्याला पैसा दिला प्रेमचंद रायचंद या कापसाच्या व्यापाऱ्याने, आणि नाव दिले आपल्या आईचे. त्या काळी मुंबईत याहून उंच काही नव्हते. या साऱ्या इमारतींचे तोंड पश्चिमेला, समुद्राकडे. समुद्र तेव्हा आजच्यापेक्षा जवळ होता. दूरवरून, बोटीवरून मुंबईकडे पाहणाऱ्याला आधी काय दिसावे? सरकार, न्याय आणि विद्या, तिन्ही एका ओळीत, तिन्ही विलायती गॉथिक घाटाची. राज्य कायमचे आहे, हे सांगायला ढोल वाजवावा लागत नाही. असा दगड रचला की काम भागते.

या मनोऱ्यावर एक गंमत आहे. पश्चिम हिंदुस्थानातल्या निरनिराळ्या जातीजमातींच्या माणसांचे पुतळे त्यावर कोरलेले आहेत. म्हणजे दगडात आपल्या लोकांना उंच जागा मिळाली. कारभारात मिळायला मात्र पुष्कळ वर्षे जावी लागली.

थोडे उत्तरेला चला. आज ज्याला छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस म्हणतात ते रेल्वेचे स्टेशन १८८८ साली पुरे झाले. फाटकाच्या एका खांबावर सिंह आहे, दुसऱ्यावर वाघ. सिंह इंग्लंडचा, वाघ हिंदुस्थानचा. समोरच महानगरपालिकेची इमारत आहे, १८९३ सालची. दोन्हींचा शिल्पकार एकच, स्टीव्हन्स. एक इमारत विलायतेतल्या रेल्वे कंपनीची, दुसरी शहराच्या कारभाराची. आणि पालिकेची इमारत स्टेशनापुढे जराही मान खाली घालीत नाही. याला कारण आहे. १८७२ च्या कायद्याने पालिकेच्या चौसष्ट सभासदांपैकी निम्मे करदात्यांनी निवडायचे ठरले. फिरोजशहा मेहतांसारखी माणसे तिथे सरकारला जाब विचारू लागली. आज मेहतांचा पुतळा त्याच इमारतीपुढे उभा आहे.

पण तिथेही एक मेख होती. मत कुणाला? ठराविक कर भरणाऱ्याला. गिरणीत बारा-बारा तास राबणारा, रस्त्याची खडी फोडणारा, गोदीत ओझी वाहणारा माणूस त्यात बसत नव्हता. मुंबईत प्रत्येक प्रौढ माणसाला पालिकेचे मत मिळून पहिली निवडणूक झाली ती १९४८ साली. तेव्हा पाऊणशे वर्षे शहराची गटारे कुठून न्यायची, नळ कुणाच्या दारी द्यायचा, हे मोजक्यांच्या मतांनी ठरत होते.

याचे फळ काय झाले ते परळला दिसते. परळ हे एके काळी मोकळ्या हवेचे ठिकाण. गव्हर्नरसाहेबांचा वाडाच तिथे होता. पुढे आसपास गिरण्या उभ्या राहिल्या, दाटी वाढली. अशातच एका गव्हर्नरांच्या पत्नी तिथे पटकीने वारल्या. त्यानंतर गव्हर्नरांचा मुक्काम मलबार हिलच्या टोकाला गेला, जिथे समुद्राचे वारे येते. गिरणीकामगार कुठे जाणार? तो दहा बाय दहाच्या खोलीतच राहिला. एका खोलीत दोन दोन बिऱ्हाडे, पाळीपाळीने झोपणारे गाववाले, आणि मजल्याच्या टोकाला सगळ्यांत मिळून एक नळ. मंडळी, सत्तेची ही एक साधी खूण ध्यानात ठेवा : ज्याच्या हाती सत्ता असते, तो वाईट हवेतून उठून जाऊ शकतो.

१८९६ साली मांडवीत प्लेग निघाला. माणसे पटापट मरू लागली, हजारो लोक शहर सोडून गावाकडे पळाले. परळच्या त्या रिकाम्या वाड्यात १८९९ साली डॉक्टर हाफकिन यांची प्लेगच्या लशीची प्रयोगशाळा आली. तिकडे सरकारने १८९८ साली सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट काढला. दाट वस्तीतून रुंद रस्ते काढायचे, हवा खेळती करायची, असा त्याचा हेतू होता. हेतू वाईट होता असे कुणी म्हणणार नाही. पण ट्रस्टमधले बहुतेक सभासद लोकांनी निवडलेले नव्हते, आणि ज्यांची घरे पाडायची त्यांना कुणी विचारले नाही. प्रिन्सेस स्ट्रीट आला, सँडहर्स्ट रोड आला. रस्ते खरोखरच चांगले झाले. पण पहिल्या वर्षांत खोल्या पाडल्या जास्त आणि बांधल्या कमी. उठवलेली गरीब माणसे शेजारच्या आळीत जाऊन तिथली दाटी वाढवू लागली. रोग एका गल्लीतून निघून दुसऱ्या गल्लीत गेला.

ट्रस्टने पुढे चाळीही बांधल्या. परळच्या अशाच एका चाळीत डॉक्टर बाबासाहेब आंबेडकर बरीच वर्षे राहिले. १९२० नंतर सरकारच्या डेव्हलपमेंट खात्याने वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी इथे काँक्रीटच्या चाळी उभारल्या. त्याच बी. डी. डी. चाळी. योजना पन्नास हजार खोल्यांची होती. प्रत्यक्षात दोनशे सात चाळी झाल्या, प्रत्येकीत ऐंशी खोल्या. एका कुटुंबाला एकशे साठ चौरस फूट. ऑगस्ट २०२५ मध्ये वरळीच्या चाळींतल्या पहिल्या काही कुटुंबांना पाचशे चौरस फुटांच्या नव्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. शंभर वर्षे गेली मध्ये.

तुम्ही म्हणाल, "अहो, हे सगळे साहेबाच्या वेळचे. आता आपले राज्य आहे." खरे आहे. म्हणूनच आपल्या राज्यातली एक गोष्ट सांगतो.

जानेवारी १९८२ मध्ये गिरणीकामगारांचा मोठा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात होते. संप रीतसर मिटलाच नाही, आणि पुढे एकेक करून गिरण्या बंद पडत गेल्या. शहराच्या मध्यावर सुमारे सहाशे एकर जमीन, तिचे करायचे काय? १९९१ साली सरकारने विकास नियंत्रणाचा एक नियम केला, अठ्ठावन्नावा. त्याचे सार असे, की गिरणी पाडून जमीन नव्याने वापरायची तर तिचे साधारण तीन वाटे करा. एक वाटा पालिकेला, बागा-मैदानांसाठी. एक वाटा सरकारी घरबांधणीला, म्हणजे गरिबांच्या आणि कामगारांच्या घरांसाठी. उरलेला मालकाचा. ऐकायला कसे न्यायाचे वाटते!

२००१ साली या नियमात बदल झाला. तीन वाटे करायचे ते सगळ्या जमिनीचे नव्हेत; जी जागा मुळात उघडी होती, जिच्यावर बांधकाम नव्हते, तेवढीचेच. आता गिरणी म्हणजे काय? शेडला शेड लागलेली. उघडी जागा कितीशी असणार? शेतकऱ्याला हे चटकन कळेल. तुमच्या वाटणीत कुणी म्हणाले, की "विहीर, गोठा, खळे, झाडे असलेली जमीन सोडून जी निव्वळ पडीक आहे तिचीच वाटणी करू," तर धाकट्या भावाच्या पदरात काय पडेल? तसेच झाले. बागांचा वाटा आटला, घरांचा वाटा आटला. प्रकरण कोर्टात गेले. मुंबई हायकोर्टाने २००५ साली बदलाच्या विरुद्ध निकाल दिला, पण २००६ साली सुप्रीम कोर्टाने बदललेला नियम कायम ठेवला. आज त्या जमिनींवर काचेचे मनोरे आहेत, मोठी मोठी दुकाने आहेत. घरासाठी लाखावर गिरणीकामगारांनी आणि त्यांच्या वारसांनी अर्ज केले. घरे मिळाली ती त्यांतल्या थोड्यांना. बाकीचे कित्येक आज सातारा, सांगली, कोल्हापूर, कोकण या आपापल्या गावी आहेत. कदाचित त्यांच्यापैकी कुणी हे बोलणे ऐकतही असेल.

पाहा, साहेबाने सत्ता दाखवायला घुमट बांधले, सिंह बसवले. ते कुणालाही दिसत. आताची सत्ता नियमाच्या एका ओळीत राहते, आणि ती ओळ वाचायला आपण फारसे जात नाही.

आता चौकाचे तिसरे रूप. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी संयुक्त महाराष्ट्राची मागणी करणारे लोक फ्लोरा फाउंटनपाशी जमले. विधानसभेवर जायचे होते. पोलिसांनी गोळीबार केला, माणसे पडली. त्या आंदोलनात सगळी मिळून शंभराहून अधिक माणसे गेली. १ मे १९६० ला महाराष्ट्र राज्य झाले आणि त्या चौकाला हुतात्मा चौक हे नाव मिळाले. जिथे एकदा कंपनीचा दरवाजा रात्री बंद होई, तिथे आता शेतकरी आणि कामगार मशाल धरून उभे आहेत. कारंजेही तिथेच आहे. ते कुणी फोडले नाही. जागा तीच राहते. तिचा अर्थ कोण ठरवतो, ते मात्र बदलते.

आणि ते तोफांचे मैदान? त्याचे तुकडे होऊन आज ओव्हल, क्रॉस आणि आझाद मैदान अशी नावे आहेत. १८७५ साली त्याचा एक तुकडा गोऱ्यांच्या जिमखान्याला मिळाला. हिंदी माणसाला तिथे सभासद होता येत नसे. उरलेल्या भागावर साहेबांचे पोलोचे घोडे धावत आणि हिंदी पोरांची क्रिकेटची जमीन उखणून टाकीत. त्या पोरांच्या बाजूने मंडळींनी सरकारकडे अर्जांवर अर्ज केले. पुढे आझाद मैदानावर स्वातंत्र्याच्या सभा झाल्या. आणि मार्च २०१८ मध्ये नाशिकहून निघालेले हजारो शेतकरी आणि आदिवासी सुमारे एकशे ऐंशी किलोमीटर चालून तिथे आले. वनजमिनीचे पट्टे नावावर करा, कर्ज माफ करा, ही त्यांची मागणी होती. दहावीच्या परीक्षेला निघालेल्या मुलांची वाट अडू नये, म्हणून ते रात्रीतूनच शहरात चालत आले. पायांच्या चिंध्या झाल्या होत्या. लोक दूर राहावेत म्हणून ज्या जागेवरची घरे एकेकाळी हटवली, तिथेच बसून त्यांनी सरकारशी बोलणी केली.

शिक्षक बंधुभगिनींना एक सुचवतो. मुलांना आपल्या गावाचा नकाशा काढायला सांगा. मग त्यावर चार प्रश्न विचारा. उंच आणि मोकळ्या जागी कोण आहे? पाणी आणि पक्का रस्ता आधी कुणाच्या दारी पोचला? घाण आणि धूर कुणाच्या बाजूला जातो? आणि हे ठरवताना बैठकीला कोण होते, कोण नव्हते? मुले जी उत्तरे आणतील ती ऐकून कदाचित आपल्यालाच विचार पडेल.

आणि बाकी मंडळींना एक कामाची गोष्ट. आज पुष्कळ गावांच्या शिवेपर्यंत शहर आले आहे. महाराष्ट्रात १९६६ चा नगररचनेचा कायदा आहे. त्याप्रमाणे शहराचा विकास आराखडा पक्का होण्याआधी त्याचा मसुदा जाहीर करावा लागतो, आणि ठराविक मुदतीत कुणालाही लेखी हरकत किंवा सूचना देता येते. रस्ता कुणाच्या वावरातून जातो, शाळेचे आरक्षण कुठे आहे, कुणाच्या वस्तीवर रेघ पडली आहे, हे तेव्हाच पाहायचे. मुदत गेली की मग हातात उरते ती नुसती हळहळ. नकाशा समजत नसेल तर गावातल्या मास्तरांना घेऊन जा. पण जा.

महाड नगरपालिकेने १९२४ साली चवदार तळे सर्वांना खुले असल्याचा ठराव केला होता. ठराव कागदावर राहिला. १९२७ च्या मार्चमध्ये बाबासाहेब आपल्या लोकांसह तळ्यापर्यंत चालत गेले आणि ओंजळभर पाणी प्याले, तेव्हा त्या कागदात जीव आला.

नकाशाचेही तसेच आहे. रेघ मारली जाते तेव्हा आपण तिथे असले पाहिजे.